दामदुपटीचा हिशेब

परवा भाचा घरी आला होता. हातात पेढ्यांचा पुडा आणि मागे लाजत उभी त्याची बायको. म्हटलं, काय गोड बातमी? तर म्हणाला, "मामा, फ्लॅट घेतोय. कर्ज मंजूर झालं." मग त्याने मोबाईल काढून मला आकडे दाखवले. पन्नास लाख, साडेआठ टक्के, तीस वर्षं. हप्ता अडतीस हजार साडेचारशेच्या आसपास. "बसतंय पगारात," तो म्हणाला.

मी विचारलं, "एकूण किती भरणार?"

"म्हणजे?"

"म्हणजे तीस वर्षांत सगळे मिळून किती?"

तो माझ्याकडे बघत राहिला. हा प्रश्न त्याला कोणीच विचारला नव्हता. बिल्डरने नाही, कर्ज देणाऱ्यांनी नाही, त्याने स्वतःलाही नाही. त्याला दोष तरी कसा देऊ? २००४ साली मी कर्ज घेतलं तेव्हा मीही स्वतःला हा प्रश्न विचारला नव्हता. त्याची किंमत काय मोजली ते पुढे सांगतो. पण त्याआधी थोडा इतिहास, कारण हा प्रश्न आपल्या मुलखात फार जुना आहे, आणि एकदा तर त्यापायी दंगे झाले आहेत.

आमचं मूळ गाव सुप्यापासून फार लांब नाही. हे सुपे म्हणजे पुणे जिल्ह्यातलं, आताच्या बारामती तालुक्यातलं, तेव्हाच्या भीमथडीतलं. १२ मे १८७५ रोजी तिथे बाजाराचा दिवस होता. आसपासच्या गावांतले शेतकरी जमले आणि सावकारांच्या दुकानांवर, घरांवर चालून गेले. इतिहासात याला 'दख्खनचे दंगे' म्हणतात. शाळेत आपण हे दोन ओळींत शिकतो आणि विसरतो. पण त्या दंग्यांतली एक गोष्ट मला नेहमी विलक्षण वाटत आली आहे. लोक मुख्यतः मागत होते ते कागद! कर्जाचे रोखे, गहाणखतं, कोर्टाचे हुकूमनामे. ते हाती लागले की चौकात होळी करायची. जिथे सावकाराने मुकाट्याने कागद काढून दिले तिथे बहुधा त्याला कोणी हात लावला नाही. पुढचे काही आठवडे पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कितीतरी गावांत हेच घडत राहिलं.

सुप्याच्या आधी, डिसेंबर १८७४ मध्ये, शिरूर तालुक्यातल्या करडे गावात ठिणगी पडली होती. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख नावाच्या ऋणकोविरुद्ध हुकूमनामा मिळवला होता. कर्ज दीडशे रुपयांचं. त्यापायी त्याने देशमुखाचं घर ताब्यात घेतलं आणि पाडायला सुरुवात केली. गाव पेटलं, पण मारामारी झाली नाही. गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. त्यांच्या दुकानातून कोणी काही घेईना, त्यांचं काम कोणी करीना. एका घरावरून हे सुरू झालं, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे.

आता शेतकरी त्या कागदांवर इतके का चिडले होते?

कारणं बरीच होती. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध चाललं होतं, तिथला कापूस इंग्लंडला जाईना, म्हणून आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी हात सैल सोडले, शेतकऱ्यांनीही कर्जं काढली. युद्ध संपलं, भाव कोसळले. त्यातच १८६७ नंतर सरकारने जमिनीच्या महसुलाची फेरआकारणी केली आणि सारा भलताच वाढवला. सारा रोख भरायचा, पीक येवो न येवो. मग पुन्हा सावकार.

पण माझ्या मते सगळ्यात बोलकं कारण एका कायद्यात होतं, आणि तो कायदा ऋणकोच्या भल्यासाठी केलेला होता! १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने ठरवलं की साध्या कर्जरोख्याची मुदत तीन वर्षं. त्यानंतर त्यावर दावा करता येणार नाही. हेतू असा, की व्याज वर्षानुवर्षं साचत राहू नये. झालं भलतंच. तीन वर्षं भरत आली की सावकार शेतकऱ्याला बोलावून घेई आणि म्हणे, पैसे दे, नाहीतर नवं खत लिहून दे. पैसे कुठले असणार? मग नवा स्टँपाचा कागद यायचा. त्यावर मुद्दल म्हणून जुनं मुद्दल अधिक तीन वर्षांचं व्याज. खाली अंगठा.

जरा हिशेब करून पाहा. समजा शंभर रुपये घेतले, दरमहा शेकडा दोन रुपये व्याजाने. तीन वर्षांचं व्याज झालं बहात्तर. नवं खत एकशे बहात्तरचं. सहा वर्षांनी ते होतं दोनशे शहाण्णवचं. नऊ वर्षांनी पाचशे नऊचं. बारा वर्षांनी आठशे पंचाहत्तर. मधल्या काळात शेतकऱ्याने एक नवा पैसाही घरी नेलेला नाही. बदलला तो फक्त कागद. आमचे आजोबा म्हणायचे, "खत बदललं की कर्ज वाढलं." लहानपणी मला ते कोडं वाटायचं.

इथे कुणी म्हणेल, पण आपल्याकडे दामदुपटीचा नियम होता ना? होता. फार जुना. मनुस्मृतीतही त्याचं मूळ सापडतं. एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये, शंभराचे फार तर दोनशे. इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातली कोर्टंही हिंदू ऋणकोच्या बाबतीत हा नियम मानत. पण त्यात एक फट होती. थकलेलं व्याज दोघांच्या संमतीने नव्या खतात मुद्दल म्हणून लिहिलं गेलं, की ते मुद्दलच झालं. मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू. नियम शाबूत आणि शेतकरी मोडीत.

तशीच गोष्ट 'गहाण लहाण' या प्रकाराची. गहाणखतातच एक ओळ घालायची, की ठरल्या मुदतीत पैसे न आल्यास हेच खत खरेदीखत समजावं. दिवस उलटला की जमीन सावकाराची. मुंबईच्या हायकोर्टाने १८६४ सालीच रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात असली अट मोडीत काढली. मुदत उलटली तरी पैसे देऊन वस्तू सोडवण्याचा गहाण ठेवणाऱ्याचा हक्क जात नाही, असं ठरवलं. पुढे १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात हा सोडवणुकीचा हक्क नीट लिहिला गेला. आज तुमच्या-आमच्या घराची मूळ कागदपत्रं बँकेच्या तिजोरीत जाऊन पडतात तो 'हक्काची कागदपत्रं ठेवून दिलेलं गहाण' हा प्रकारही त्याच कायद्यातला. गृहकर्ज हा शब्द गोंडस आहे. मामला गहाणाचाच.

दंग्यांनंतर सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर, नगर या चार जिल्ह्यांसाठी. त्याने कर्जदाराला तुरुंगात टाकणं थांबवलं, हप्ते बांधून देण्याची सोय केली, हे सगळं ठीकच. पण त्यातल्या दोन कलमांवर माझा विशेष जीव आहे. एक म्हणजे, कोर्टाने समोर आलेल्या खतावर विसंबायचं नाही. खताच्या मागे जायचं, व्यवहाराच्या अगदी सुरुवातीला, आणि मुद्दल किती आणि व्याज किती याची वेगवेगळी मांडणी करायची. चक्रवाढ धरायची नाही, आणि व्याज मुद्दलाच्या वर जाऊ द्यायचं नाही. दुसरं म्हणजे, सावकाराने पैसे मिळाल्याची पावती द्यायची, आणि ऋणकोने मागितलं तर दर वर्षी हिशेबाचा उतारा द्यायचा. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी याच कायद्याखाली काही वर्षं विशेष न्यायाधीश म्हणून काम केलं. या कायद्याने सगळं आलबेल झालं असं मुळीच नाही. सावकारांनी गहाणाऐवजी सरळ विक्रीखतं लिहून घ्यायला सुरुवात केली. पण 'मुद्दल किती, व्याज किती ते वेगळं दाखवा' हे मागणं कायद्याच्या पुस्तकात चढलं, ही साधी गोष्ट नव्हे.

असो. आता माझी गोष्ट.

माझ्या वडिलांच्या पिढीत नोकरदार माणूस घर बांधायचा तो निवृत्त झाल्यावर, फंडाच्या पैशातून. लग्न पाहावं करून आणि घर पाहावं बांधून म्हणतात, त्यातलं दुसरं आयुष्याच्या संध्याकाळी. १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी मुंबईत एचडीएफसी ही खास घरांसाठी कर्ज देणारी संस्था काढली, १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक आली, आणि हळूहळू चित्र पालटलं. साठाव्या वर्षी मिळणारं घर पस्तिसाव्या वर्षी मिळू लागलं. हे लहान काम नाही, आणि मी गृहकर्जाच्या विरोधात लिहितोय असं कृपया समजू नका. त्या कर्जाशिवाय माझी मुलं भाड्याच्या दोन खोल्यांतच वाढली असती.

सुरुवातीच्या काळात व्याजाचे दर चढे होते, आणि हिशेबाची एक खुबीही होती. वर्षभर तुम्ही दरमहा हप्ते भरायचे, पण त्यातलं मुद्दल वजा व्हायचं ते वर्षाच्या शेवटी. म्हणजे एप्रिलमध्ये फेडलेल्या रकमेवर मार्चपर्यंत व्याज चालू. महिन्याच्या महिन्याला शिल्लक कमी करून व्याज मोजायची पद्धत पुढे रुळली.

२००४ साली मी दहा लाख घेतले. आठ टक्के, बदलता दर, वीस वर्षं. माझं वय तेव्हा अडतीस, म्हणजे अठ्ठावन्नला निवृत्ती आणि त्याच वर्षी शेवटचा हप्ता. किती नीटनेटकं! हप्ता आठ हजार तीनशे चौसष्ट. त्याला दोनशे चाळीसने गुणलं तर वीस लाख सात हजार होतात. म्हणजे दहा लाखांवर दहा लाख व्याज. बरोब्बर दामदुपट! (कायद्याची दामदुपट इथे लागू होत नाही, कारण ती एका वेळी थकलेल्या व्याजापुरती. दरमहा भरत गेलेल्या व्याजाची बेरीज ती करत नाही. पण आकडा पाहून गंमत वाटते खरी.) हा गुणाकार मी केला, पण कर्ज घेतल्यावर सात वर्षांनी.

पहिल्या हप्त्यात व्याज होतं सहा हजार सहाशे सदुसष्ट आणि मुद्दल जेमतेम सतराशे. याच चालीने गेलं तर निम्मं कर्ज फिटायला साडेतेरा वर्षं लागतात. वीसातली साडेतेरा! यात कोणी फसवत नाही, गणितच तसं आहे. शिल्लक मोठी असते तेव्हा व्याज मोठं असतं. पण हे आपल्याला कोणी सांगत नाही, आणि आपण विचारत नाही.

२००८ मध्ये एक पत्र आलं. दर वाढून दहा टक्के झाला आहे, आपला हप्ता आहे तोच राहील. मी वाचलं, 'आहे तोच राहील' या शब्दांशी थांबलो, आणि पत्र ड्रॉवरमध्ये टाकलं. बायकोला म्हटलं, "काही नाही, नेहमीचं." खाली आणखी एक ओळ होती, मुदतीबद्दल. ती मी वाचली नाही असं म्हणणं खोटं ठरेल. वाचली, पण समजून घेतली नाही. समजलं असतं तर काहीतरी करावं लागलं असतं.

२०११ मध्ये करासाठी व्याजाचा दाखला मागवला आणि त्या दिवशी कागद-पेन्सिल घेऊन बसलो. सात वर्षांत सात लाखांहून जास्त भरले होते. मुद्दल कमी झालं होतं एक लाख तीस हजार. चार वर्षांनंतर सोळा वर्षं उरली होती, ती दर वाढल्याबरोबर सव्वातेवीस झाली होती. एकूण देणं वीस लाखांवरून सव्वासत्तावीस लाखांवर. शेवटचा हप्ता अठ्ठावन्नाव्या नव्हे, पासष्टाव्या वर्षी. आणि दर अकराला गेला असता तर? तेही मांडून पाहिलं. २००८ पासून पुढे त्रेचाळीस वर्षं! सव्वाअकराला तर हप्ता व्याजालाही पुरत नव्हता, कर्ज कधीच फिटलं नसतं, उलट वाढत गेलं असतं.

खत बदललं की कर्ज वाढलं. आजोबांचं कोडं पंचेचाळिसाव्या वर्षी सुटलं. माझ्याकडून कोणी अंगठा घेतला नव्हता. नवा कागदही झाला नव्हता. मुदत तेवढी मागच्या मागे सात वर्षांनी सरकली होती.

रात्री बायकोला सांगितलं. ती रागावेल असं वाटलं होतं. ती फक्त म्हणाली, "म्हणजे तू रिटायर झाल्यावर सात वर्षं आपण कशातून भरणार होतो?" आणि मग थोड्या वेळाने, "तीन वर्षं माहीत होतं तुला?" या दुसऱ्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. आजही नाही. घराच्या कर्जाची खरी किंमत मोजताना हा खर्च कुठल्या रकान्यात टाकायचा हे मला कळलेलं नाही.

पुढच्या महिन्यात तिने भिशीचे आणि तिच्या नावावरच्या एफडीचे मिळून दोन लाख काढून दिले. एफडी तिच्या आईने दिलेल्या पैशांची होती. आम्ही हप्ता वाढवून साडेनऊ हजार करून घेतला. दोन लाख आणि महिन्याचे अकराशे. तेवढ्याने कर्ज २०२० साली संपलं. सगळं मिळून एकोणीस लाखांच्या आसपास भरले, दर मध्ये थोडे खालीवर झाले ते सोडून. म्हणजे आठ लाखांचा आणि अकरा वर्षांचा फरक. कर्ज मुदतीआधी फेडलं तर दंड लावण्याची चालही तेव्हा सर्रास होती. बदलत्या दराच्या गृहकर्जांवरचा तो दंड रिझर्व्ह बँकेने बँकांना जून २०१२ मध्ये बंद करायला लावला.

न्यायाने बोलायचं तर दुसरी बाजूही सांगायला हवी. २००४ चे आठ हजार आणि २०२० चे आठ हजार एक नव्हेत. महागाई ऋणकोच्या बाजूने असते. पहिल्या वर्षी हप्ता भरताना माझी दमछाक व्हायची, शेवटी शेवटी तो लक्षातही राहत नव्हता. भाडं वाचलं, कर वाचला, घराची किंमत वाढली. म्हणून नुसती व्याजाची बेरीज दाखवून 'बघा किती लुटलं' म्हणणं अर्धवट आहे. पण वाढलेली किंमत राहत्या घराच्या भिंतीत असते, ती काढून भाजी आणता येत नाही. आणि वाचलेल्या करापायी कर्ज मुद्दाम रेंगाळत ठेवायचं म्हणजे तीन आणे वाचवायला रुपया घालवणं.

मधल्या काळात नियमही बदलले. दर ठरवायची पद्धत २०१० मध्ये बदलली, २०१६ मध्ये पुन्हा बदलली, आणि ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाला बांधली गेली. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो चारवरून साडेसहावर गेला, आणि कित्येकांच्या मुदती माझ्यासारख्याच लांबल्या. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मान काढलं: दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ऋणकोला विचारा, आणि दर तिमाहीला त्याला उतारा द्या. आजवर मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ते किती उरले.

ते वाचलं आणि मला १८७९ आठवलं. मुद्दल किती, व्याज किती, वेगळं दाखवा. एकशे चव्वेचाळीस वर्षांनी तीच मागणी, फक्त आता अंगठ्याऐवजी ओटीपी.

तर भाच्याची गोष्ट. पेढा खाल्ला, आणि त्याच पुड्याच्या कागदावर मांडून दाखवलं. तीस वर्षांत एक कोटी अडतीस लाख. तेच कर्ज वीस वर्षांचं घेतलं तर हप्ता साधारण पाच हजारांनी जास्त, त्रेचाळीस हजार चारशे, आणि एकूण एक कोटी चार लाख. पाच हजारांना चौतीस लाख. आणि पगार कमी असेल तर तीस वर्षांचंच घे, पण दर वर्षी बोनस आला की त्यातला एक तुकडा मुद्दलात टाक. दर बदलल्याचं पत्र आलं की आधी मुदतीची ओळ वाच.

तो गप्प होता. मग म्हणाला, "पाच हजार काढणं अवघड नाही, मामा. मी बघतो."

त्याची बायको मात्र कागदाकडे बघत होती. तिने तो घडी घालून पर्समध्ये ठेवला. निघताना मी तिला म्हटलं, "पत्रं दोघांच्या नावाने मागवा. आणि आलेलं प्रत्येक पत्र तूही वाच."

आतून बायको म्हणाली, "हे मात्र बरोबर सांगितलंत."